ऐकू उनं तं सांग

उस्ताद, तुमच्या एका वाक्याची खरी किंमत आज खाटेवर पडल्या पडल्या मांडून बघितली. सफारीचं एक कापड, मिलच्या शेठच्या घरून रोज येणारा तुमच्या वाट्याचा चहा, आणि 'मुहूर्ताला मिल बंद पाडणारा' हे नाव. ते नाव तुमच्या मयतीतसुद्धा दोघं जण माझ्या मागे कुजबुजत होते, मी ऐकलं. हे सगळं तुम्ही भरलंत. वाक्य वापरलं मी. त्याच्यावर माझं वर्कशॉप उभं राहिलं, मुलगी शिकली, आणि जळगावच्या डाळमिलवाल्यांत मला 'कानवाले भाऊ' म्हणायला लागले.

तो कानच आता बिघडलाय. हे मी धुळ्याच्या एका दवाखान्यातून लिहितोय. उद्या सकाळी उजव्या कानामागचं हाड उघडणार आहेत. आत कीड लागलीय म्हणतात, ती मेंदूच्या बाजूला सरकायच्या आत काढायला पाहिजे. डॉक्टरीणबाई माझ्या मुलीच्या वयाची. तिने कागदावर कानाचं चित्र काढलं आणि चेहऱ्याची नस तिथून किती जवळून जाते ते पेनाने दाखवलं. मी म्हटलं, "म्हणजे मॅडम, गिअरबॉक्सला खेटून वायर गेलीय." ती हसली, माझी मुलगी हसली, मीही हसलो. पण तेव्हापासून मी गालाच्या आतून जीभ फिरवून बघतोय, तोंड सरळ आहे ना, म्हणून. शेजारच्या खाटेवर शिरपूरकडचा एक ट्रॅक्टरवाला आहे, त्याचंही उद्याच आहे. दुपारी त्याने विचारलं, "भाऊ, तुम्हले भ्याव नही वाटस?" मी म्हटलं, "कसलं भ्याव दादा? या कानाने आजवर धोका दिला नाही. जळगावात बसून मी धुळ्याचं बेअरिंग नुसतं फोनवर ओळखतो." तो "बापरे!" म्हणून उठून बसला. मी पांघरूण ओढलं आणि पुन्हा गालात जीभ फिरवली.

खरी भीती मात्र नसेची नाही, कालच्या तपासणीची आहे. काल मला काचेच्या खोलीत बसवलं, कानांवर हेडफोन लावले, हातात बटण दिलं. आवाज आला की दाबायचं. डाव्या कानाचं व्यवस्थित झालं. मग उजवा सुरू केला आणि काहीच येईना. मी वाट बघतोय. समोरच्या काचेत तपासणाऱ्या बाईच्या हाताचं प्रतिबिंब पडलं होतं. तिचं बोट खाली गेलं की मी बटण दाबत गेलो. मधूनमधून मुद्दाम चुकवलंही, खरं वाटावं म्हणून. हुशारी कुठे वापरावी बघा! संध्याकाळी डॉक्टरीणबाई खूश होऊन आली. म्हणाली, "काका, या कानाला अजून बरंच ऐकू येतंय. मग आतल्या बारीक हाडांना शक्यतो हात लावत नाही. फक्त थोडी कीड मागे राहायचा धोका असतो, वर्षभराने पुन्हा उघडून बघावं लागेल." मी मान डोलावली. नसलेला कान वाचवायला ती कीड मागे ठेवायला तयार झाली, आणि मी गप्प राहिलो. तुम्हाला वाटेल, काय वेडा माणूस. पण उस्ताद, कानवाल्याचा कान गेला हे एकदा कुणी तोंडाने म्हटलं की मागे राहतं काय? दोंडाईच्याजवळच्या खेड्यातून पिशवी घेऊन आलेला पोरगा.

त्या पोराला तुम्ही मिलच्या फिटरकामात शिकवायला घेतलं तेव्हाही तो असाच मान डोलवायचा. लांब स्क्रूड्रायव्हरचं टोक बेअरिंगवर टेकवायचं, मूठ कानाच्या हाडाला लावायची, आणि आत काय चाललंय ते ऐकायचं. तुम्ही विचारायचे, "ऐकू उनं का?" आणि मी दर वेळी म्हणायचो, "हो." मला सगळ्या मिलचा एकच घरघराट यायचा, पण नाही म्हटलं तर परत पाठवतील ही धास्ती. मग एक दिवस तुम्ही मला डाळीच्या पॉलिशरपाशी नेलं, स्क्रूड्रायव्हर टेकवला आणि विचारलं, "कसं चालू शे?" मी डोळे मिटून म्हटलं, "एकदम गोड चालतंय." तुम्ही माझी हनुवटी धरून वर केली. पट्टा काढून बाजूला खिळ्याला टांगलेला होता. मशीन बंद होतं. मला वाटलं, आता कानफटात बसेल. तुम्ही मात्र खाली बसलात, विडी पेटवलीत आणि माझ्या गावाच्या बोलीत म्हणालात, कारण तुमचं आजोळही तिकडचंच: "ऐकू उनं तं उनं सांग. नही उनं तं नही सांग. भ्याव वाटस तं वाटू दे, पन सांग. बाकी मी शे ना." घरात तोवर मला 'गप बस' एवढंच ऐकायची सवय होती. 'मी आहे ना' असं मला कुणी म्हटलं नव्हतं.

आणि मग तो मुहूर्ताचा दिवस. धान्य वर नेणारा नवीन एलिव्हेटर बसवलाय, हार घातलेत, शेठची आई खुर्चीवर बसलीय, पाहुणे पेढे खातायत. शेठने तूर ओतायच्या हॉपरच्या तोंडावर नारळ फोडला, टाळ्या झाल्या, तूर वर चढायला लागली. मी सवयीने स्क्रूड्रायव्हर लावला. टक. थोडं थांबून पुन्हा टक. तुमच्याकडे बघितलं तर तुम्ही भुवया उडवल्या, म्हणजे, सांग. मी सांगितलं, पण आवाज उंदरासारखा निघाला. "मोठ्याने," तुम्ही म्हणालात. मी ओरडलो, "आत काहीतरी आदळतंय!" तुम्ही जाऊन स्विच खाली केला. शेठ लालबुंद. "मुहूर्ताला मिल बंद? कोण म्हणतं बिघाड आहे?" तुम्ही म्हणालात, "मी म्हणतो." खालचं झाकण उघडलं, तूर उपसली, आणि आत बकेट आणि पत्र्याच्या मधे अडकलेला निघाला करवंटीचा तुकडा. शेठच्याच नारळाचा. पाहुण्यांत हशा पिकला. तुम्ही तो तुकडा दोन्ही हातांनी शेठपुढे धरलात, "शेठ, प्रसाद." तेवढं बोलला नसतात तर कापड तरी मिळालं असतं. हेड फिटर म्हणून तुमच्यासाठी ठेवलेलं ते सफारीचं कापड त्या दिवशी हमालांच्या मुकादमाला गेलं, आणि दुसऱ्या दिवसापासून शेठच्या घरचा चहाही तुम्हाला बंद झाला. जाताना तुम्ही माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणालात, "उनं व्हतं ना ऐकू? बस."

आज पाच वाजता डॉक्टरीणबाई राउंडला आली. मुलगी खाली चहा आणायला गेली होती. छातीतला आवाज मला कानाशिवाय ऐकू येत होता. मी म्हटलं, "मॅडम, काल मी बटण तुमच्या बाईचं बोट बघून दाबलं. उजव्या कानाला काही येत नाही." ती स्टूल ओढून बसली. "कधीपासून?" "गेल्या दिवाळीच्या आधीपासून." मला वाटलं रागवेल. ती म्हणाली, "काका, बरं केलंत. आता सगळं साफ करता येईल." पुन्हा एक छोटी तपासणी घ्यायला सांगून ती पुढच्या खाटेकडे गेली. धीर येईल असं वाटलं होतं, तसं काही झालं नाही. अक्षर बघा कसं वाकडं येतंय. सांगून टाकलं, एवढंच.

हे पत्र कुठे टाकणार? कबरीवर ठेवलं तरी तुम्हाला मराठी वाचता येत नव्हतं, मिलमधली रोजच्या कामाची पाटी मीच वाचून दाखवायचो. घडी करून शर्टाच्या खिशात ठेवतो, शर्ट उद्या मुलीकडे राहील.

ट्रॅक्टरवाल्याने सगळं ऐकलं होतं. मॅडम गेल्यावर तो हळूच म्हणाला, "भाऊ, मंग ते फोनवर बेअरिंग?" तुम्हालाही सांगतो, त्याला सांगितलं तेच. मी आधी विचारतो, ग्रीस शेवटचं कधी दिलं होतं? समोरचा गप्प झाला की बेअरिंग गेलेलं असतं.