आता ताई म्हण

प्रिय सरू,

फोन असताना ताई कागद का खरडतेय, असं तुला वाटेल. खालच्या मजल्यावरच्या साहेबांचे ड्रायव्हर पोपटराव, आपल्याच संगमनेरचे, सुट्टीवर निघालेत. खजुराच्या डब्यात तळाशी घालून ते हे पत्र आणतील. अण्णांना वाचून दाखव आणि मग चुलीत टाक.

दोन वर्षांपूर्वी इथे आखातात, अल मुंतझा भागातल्या या फ्लॅटमध्ये कामाला आले, तेव्हा घर पुण्याचं आणि देव्हाऱ्यात आपलेच देव पाहून मी मोकळेपणी नमितावहिनी म्हटलं. त्यांनी हातातली भाजी खाली ठेवली आणि सांगितलं, इथे मॅडम म्हणायचं. मग माझा पासपोर्ट मागून घेतला आणि कपाटात कुलपात ठेवला. म्हटलं, बरं, मॅडम तर मॅडम. एका शब्दाने आपलं काय जातं?

त्यांच्या अंतराला शाळेत फ्रेंच आहे. पोरीला मराठी समजतं, पण बोलते इंग्रजी, मध्येमध्ये हिंदी. मागच्या महिन्यात तिने मला सांगितलं की मॅडम हा मूळचा फ्रेंचांचा शब्द, अर्थ 'माझी मालकीण'. जुन्या काळी तिकडे मोठ्या घराण्यातल्या बाईला मानाने तसं म्हणत. कणीक मळता मळता मला हसू आलं. आपण शाळेत शिवणाच्या बाईंनासुद्धा मॅडम म्हणायचो.

त्याच आठवड्यात मी दिवाळीची सुट्टी तिसऱ्यांदा मागितली. मॅडम चिडल्या नाहीत. मला सोफ्यावर बसवलं, स्वतः चहा करून दिला आणि म्हणाल्या, आता ताई म्हण. मग तुझी चौकशी केली. किती शिकलीय, स्वयंपाक येतो का, पासपोर्ट काढलाय का. धाकटी आली की तू जा, म्हणाल्या. कधी, ते मात्र सांगत नाहीत. सरू, त्यांच्या रागाची मला सवय झालीय. या गोडव्याची नाही. तेव्हापासून मला सारखी भीती वाटते. तुझाही पासपोर्ट त्याच कपाटात जाईल आणि आपण दोघी इथेच राहू.

तुझं तिकीट काढलंय, हे काल अंतरा बोलून गेली. माझा फोन रोज तपासतात, म्हणून हे पत्र. तू येऊ नकोस. रविवारी माझा फोन येईल, तेव्हा त्या शेजारीच बसलेल्या असतील. नमिताताई फार प्रेमळ आहेत, लवकर ये, असं मी हसत हसत सांगेन. माझं ऐकू नकोस.

तुझीच,
बबीताताई