बादलीची चाल

३ मार्च

अन्याय नोंदवून ठेवतो. हेरपटाच्या सेटवर दिग्दर्शकाला खुर्ची, नटाला खुर्ची, नटाच्या कुत्र्यालासुद्धा खुर्ची! सल्लागाराला मात्र पायरी. आज एकदाची मिळाली — पाठीवर ठळक पांढऱ्या अक्षरांत ‘हेरकाका’. सबंध नोकरी सासुरवाडीला ‘पाणीपुरवठा खात्यात आहे’ असं सांगून काढली, त्याचं हे फळ. अक्षरं झाकू नयेत म्हणून दिवसभर उभाच राहिलो.

७ मार्च

नट पाळतीवर निघाला की बक्षीस घ्यायला निघाल्यासारखा चालतो. दिग्दर्शक म्हणाला, “काका, त्याला जरा खरा करा ना.”

खरा एकच आठवला. बादली. माझा जोडीदार. उजव्या हातात भरलेली बादली असल्यासारखा कलून चालायचा, म्हणून हे नाव. आमच्या धंद्यात ओळखू येणारी चाल म्हणजे कपाळावर लिहिलेला पत्ता! साहेबांनी त्याच्या बुटात खडा घालायला लावला, चाल मोडावी म्हणून. पायाला फोड आले, चाल तशीच.

आज नटाच्या बुटात मी खडा घातला. त्याची चाल मोडून बादलीची आणायला.

८ मार्च

जमलं. पाठमोरा बादली रस्ता ओलांडून गेला. मी पाणी प्यायला म्हणून उठलो आणि बराच वेळ पीतच राहिलो.

२ एप्रिल

काल ट्रेलर आला. सकाळीच बादलीच्या बायकोचा फोन. आवाज इतका तरुण की ओळखूच येईना.

“भावजी, हे जिवंत आहेत! त्या सिनेमात, गर्दीत, पाठमोरे... मी पुन्हा पुन्हा पाहिलं. ती चाल मला नाही कळणार? तुम्ही तिथेच असता ना? पत्ता काढा!”

मी म्हणालो, “बघतो, वहिनी.”

बघतो! गाढव.

३ एप्रिल

सरकारच्या लेखी बादली बेपत्ता आहे. गेला तेव्हा त्याचं डोकं माझ्या मांडीवर होतं. परकं गाव, परकं नाव. खांदा द्यायला मी आणि तीन अनोळखी माणसं. यातलं अवाक्षर कुणाला सांगायचं नाही, म्हणून सही करून दिलेली.

वहिनी अजून त्याच तिसऱ्या मजल्यावर. गुडघे गेले. लेक ‘माझ्याकडे ये’ म्हणून म्हणून थकली. उत्तर ठरलेलं — “घर बदललं आणि हे आले तर?”

आज लेकीचा फोन. आई दाराला नवा रंग लावून घेतेय. “काका, तिला काय झालंय? गाणं म्हणतेय हो!”

४ एप्रिल

बायकोने तोंड पाहून ओळखलं. सगळं काढून घेतलं माझ्याकडून — चौकशी करावी तर तिने. मग म्हणाली, “सिनेमावाल्यांना चहा पिता पिता धडे देता. त्या बाईपुरतंच तेवढं गुपित का?”

जेवलो नाही.

६ एप्रिल

वहिनींच्या घरी जाऊन सांगितलं. सगळं. सही गेली खड्ड्यात.

रडल्या नाहीत. “मग चालत होता तो कोण?”

“नट. मी शिकवलं त्याला.”

मग म्हणाल्या, “मला एकदा चालून दाखवा.”

जिना उतरलो. त्या वर खिडकीत. उजवा खांदा खाली टाकला आणि रस्त्याच्या टोकापर्यंत तसाच गेलो. वळून पाहिलं नाही — तो पाहत नसे.