डिस्कोतल्या शेतकऱ्याचा फेटा

आबा, त्या दिवशी तुम्ही स्टेजवर काहून चढलात, हे मला अजून कळलेलं नाही. रागानं चढलात की मायेनं? विचारायचं राहून गेलं. आता माझेच केस पिकले, तरी ते डोक्यातून जात नाही.

दुष्काळाचं साल होतं. कारखान्याच्या आवारात उसाची एक गाडी नव्हती, पण सभासदांची वार्षिक सभा मात्र भरली होती. सगळे लई चिडलेले. सभेत खुर्च्या उडू नयेत म्हणून संचालकांनी आधी आमचा डिस्को ग्रुप ठेवला, भर दुपारी, रिकाम्या वजनकाट्याजवळच्या मांडवात. आम्ही पाचजण. एक पोलीस, एक डॉक्टर, एक पायलट, एक पैलवान आणि मी शेतकरी. धोतराला चमचम टिकल्या, पायात पांढरे बूट, डोळ्याला गॉगल आणि डोक्याला फेटा. फेटा तुमचाच, खुंटीवरून न विचारता उचललेला. तुम्ही तिसऱ्या रांगेत बसलायत हे मला नाचायला लागल्यावर दिसलं.

फेटा सुटत चाललाय, त्याचं टोक गुडघ्यापर्यंत आलंय, मी त्याच्यात अडखळतोय अन् लोक पोट धरून हसतायत. तेवढ्यात तुम्ही उठता. खाली चपला काढून, देवळात शिरावं तसे वर येता. "आरे, फेटा असा बांधतेत व्हय?" एवढंच म्हणून मला खाली बसवता, सगळा फेटा उलगडता आणि पहिल्यापासून बांधायला घेता. टेप चालूच. पोलीस अन् डॉक्टर माझ्या दोन्ही अंगांनी नाचतायत, थांबायचं कुणाला सुचतच नाही. तुम्ही एकेक पीळ घट्ट आवळत होता, आबा. लोकांना वाटलं हा खेळातलाच भाग, नुसत्या शिट्ट्या अन् टाळ्या. तुम्ही तिकडं वळूनसुद्धा बघितलं नाहीत. चपला घातल्या अन् जागेवर जाऊन बसलात.

ग्रुपला ते एवढं आवडलं की पुढं युसूफ वडगावपासून लिंबागणेशपर्यंत, जिथं जाऊ तिथं पैलवानच म्हातारा बनून वर यायचा अन् माझा फेटा बांधायचा. त्या एका गोष्टीवर आम्ही कितीतरी वर्षं नाचलो. कुणी विचारायचं, "खरंच तुझ्या बापानं असं केलतं का बे?" मी हो म्हणायचो. छाती फुगायची, अन् एसटीत बसलो की मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. दोन्ही एकाच वेळी कसं काय होतं, ते तुम्हीच सांगा.

तुम्ही मला घरी एका शब्दानं बोलला नाहीत. दोन शिव्या हासडल्या असत्यात तर बरं झालं असतं, निदान राग होता हे तरी कळलं असतं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी न्हाणीत होतो. अंघोळीला तांब्याभरच पाणी मिळायचं तेव्हा. चुलीपुढं तुम्ही आईला म्हणालात, "त्याचं काय चुकलं? चुकलं माझंच. पोराला फेटा बांधायला शिकविलं न्हाई." मी ते ऐकलं. तांब्या हातात धरून तसाच उभा राहिलो, बाहेर आलोच नाही.

तुमच्या तेराव्याला मामानं दुखवट्याचा फेटा आणला. "तुला येतो का रे, का मी बांधू?" म्हणाला. मी म्हणालो, "न्हाई येत." भावकीसमोर मामा बोलून गेला, "माणूस लई भला, पण लेकाला एवढं काय शिकविलं न्हाई." मी मान खाली घातली अन् बांधून घेतला.

हे पत्र टाकायला कुठली पेटी न्हाई, म्हणून इथंच लिहून ठेवतो. रोज सकाळी तुम्हाला बांधताना बघून बघून फेटा मला लहानपणीच आला होता, आबा. त्या दिवशी मी तो मुद्दाम सैल बांधला होता, लोकांनी हसावं म्हणून.