दिवा विझेपर्यंत

अकोला, ३ मार्च २००६

ती. किसनकाकांस शि. सा. न.

चॅनलची गाडी काल इथे पोचली. बुडालेल्या कपाशीच्या पिकावर फिल्म आहे. कॅमेरा पहिल्यांदाच माझ्या हातात. साहेबांना एक उदास चेहरा हवा. तो मिळाला नाही तर पुण्याचा कॅमेरामन येणार, आणि मी पुन्हा लाइट उचलायला. तुमच्या शेजारच्या बुधाजींची कपाशी लाल्या रोगानं गेली ना? येत्या रविवारनंतरच्या रविवारी येतो. काकूंना नमस्कार. माझ्यावर जीव आहे तसाच ठेवा.

आपला देवानंद

चांदूर बाजार, ६ मार्च

चि. देवानंदास अनेक आशीर्वाद.

फोन केला नाही. फोनवर तू हसतो तवा तुही भीती मले ऐकू येते. बुधाजीले सांगितलं, तं त्यानं लग्नातला कोट इस्त्रीले टाकला. म्या म्हटलं, बाप्पा, उदास चेहरा पायजे. तो म्हणे, कॅमेऱ्यापुढे काहून रडू, सोयरे पाहातीन ना! बँडवाला नत्थुजी विचारून गेला की नवरी कोणाची. तू चिंता करू नको. लग्नाचे व्हिडिओ काढता काढता सारा तालुका म्याच तयार केला: शूटिंगचा दिवा लागला की हसा, अन् विझेपर्यंत हलू नका. काकू पंगतीचं पाहून राहिली. येताना भूक घेऊन ये.

तुहा किसनकाका

अकोला, १४ मार्च

ती. काकांस शि. सा. न.

शूटिंगच्या वेळी तुम्ही पंगतीत वाढत होता, म्हणून लिहितो. अर्धं गाव फेटे बांधून कपाशीच्या वाळल्या पऱ्हाट्यांत उभं. जानराव तर आहेराचं पाकीट घेऊन लेन्ससमोर आले. साहेब कपाळाला हात लावून जेवायला बसले. बुधाजी म्हणाले, दिव्याशिवाय शूटिंग कसलं? भर उन्हात तुमचा जुना दिवा लावला. ते हसले. हसतच राहिले. मी दिवा विझवलाच नाही. मग हसू आपोआप उतरलं. आधी डोळ्यांतून, मग मिशीखालून. अंगात कोट, मागं पऱ्हाट्या. साहेबांनी तो तुकडा पुन्हा पुन्हा पाहिला, आणि पुण्याचं तिकीट रद्द केलं. पुढची फिल्मही माझीच. तुमच्या दिव्याची कृपा.

आपला देवानंद

चांदूर बाजार, २० एप्रिल

चि. देवानंदास अनेक आशीर्वाद.

फिल्म पाहिली. शाब्बास! पोटातून म्हणतो. टीव्ही माह्या दुकानात लावला होता. गावानं टाळ्या वाजवल्या. बुधाजीचे हात तेवढे मांडीवर. मग हळूच म्हणे, किसनराव, मी तं हसून राहिलो होतो, पोरानं ते कुठं ठेवलं? म्या म्हटलं, मशीनचा दोष. तो म्हणे, असन.

वैशाखात त्याच्या पोरीचं, शकुनचं लग्न आहे. चॅनलची कामं गेली खड्ड्यात, तू ये. कॅमेरा आण. बुधाजी कोट घालून उभा राहीन, तवा त्याले हसताना घे. अन् या खेपेले दिवा वेळेवर विझव.

रागावला असशीन तं जेवायलेच ये, वाढता वाढता भांडून घेऊ.

तुहा किसनकाका