खबऱ्याचा जाहीर सत्कार

प्रिय संपतभावजी,

काल पोलीस ठाण्यात तुमच्या साहेबांसमोर बसून आले, म्हणून लिहितेय. आधी चहा मागवला, मग म्हणाले, "मॅडम, संपतराव आमच्यासाठी काम करायचे, हे तुम्हाला कोणी सांगितलं? आम्ही त्यांना ओळखतही नाही. साधा अपघात आहे." किती गोड बोलतो हो मेला!

अपघात? वाळूचा डंपर तुमच्या मोटरसायकलवरून गेला, मागे आला आणि पुन्हा गेला. कुंडलच्या रस्त्यावर इतका मन लावून केलेला अपघात मी कधी ऐकला नव्हता.

तुमचा गुन्हा तरी केवढा? फौजेच्या कँटीनमधली रम शेजाऱ्याला विकलीत. साहेबांनी पकडलं आणि दरडावलं, नदीतली वाळू कोण चोरतंय त्याची खबर द्या, नाहीतर केस करतो, पेन्शन जाईल. पेन्शन अशी जाते का? जन्मभर सरकारी कचेरीत खर्डेघाशी केलेली वहिनी साताऱ्यात बसली होती, एक फोन करायला काय झालं होतं? पण तुम्हाला लाज वाटली.

वर मलाच फुशारकी, "आवं वैनी, लय गुपित काम हाय. सायबाबिगर कुनालाच ठावं न्हाई."

गुपित! मग गणपतीआधीच्या शांतता समितीच्या बैठकीत तुम्हाला स्टेजवर कोणी बोलावलं? साहेबांनी शाल घातली, नारळ दिला आणि माइकवर म्हणाले, "वाळूचोर पकडून देणारे आमचे माजी सैनिक!" पहिल्या रांगेत डंपरवालेच बसले होते, मंडळाचे मोठे देणगीदार म्हणून. त्यांनीही टाळ्या वाजवल्या. आणि तुम्ही हात जोडून फोटोला उभे! अहो, तिथूनच पळायचं होतं.

दहाव्याला घाटावर हवालदार आला. आम्ही कावळ्याची वाट बघत होतो, आणि हा तुमच्या सुशीलाच्या कानाशी लागला, "वैनी, दादांच्या वळखी लय हुत्या. तुमच्या कानावर काय आलं तर सांगत चला." तुमची जागा दहा दिवससुद्धा रिकामी ठेववेना त्यांना! मी चप्पल काढली, तेव्हा गेला.

सुशीला म्हणते, "आक्का, नगं. गप ऱ्हाऊ." तिला मी साताऱ्याला घेऊन आलेय. तक्रार माझ्या नावानं करणार आहे, वकीलही ठरवलाय.

वचन देते, सुशीलाला मी त्यांच्या हाती लागू देणार नाही. आणि 'संपत आमचा माणूस होता' हे त्याच साहेबांच्या तोंडून कोर्टात वदवून घेईन. तोवर तुमच्या फोटोला हार घालणार नाही. रागवा खुशाल.

तुमची,
साताऱ्याची वहिनी