पुढचे दोन्ही शॉकअप

४ तारीख, सोमवार

पुन्हा तेच! दवाखान्याच्या अलीकडच्या वळणावर गाडीचं नाक खाली गेलं आणि धाडकन आपटलं. ही किंचाळलीच. मग दोन्ही हातांनी कंबर धरून बसली, घरी येईपर्यंत एक अक्षर नाही. मणक्याच्या व्यायामासाठी आठवड्यातून तीनदा न्यायचं तिला, आणि नेता-आणतानाच मणका खिळखिळा करायचा. काय चाललंय काय!

शॉकअप गेलेत. पुढचे. घरी आल्यावर बोनेटवर दोन्ही हातांनी जोर दिला आणि सोडून दिलं, तर गाडी पाळण्यासारखी वरखाली होत राहिली. धड गाडी एकदा वर येते आणि गप्प उभी राहते. हे मी आयुष्यभर ड्रायव्हिंग स्कूलमध्ये पोरांना शिकवलं, आणि आता माझीच गाडी नाचतेय.

संध्याकाळी मुलीचा फोन. आईने सांगितलेलं दिसतंय. "बाबा, काढून टाका ना ती जुनी गाडी. टॅक्सीने न्या आईला." टॅक्सीने! आणि मी काय करायचं? मागच्या सीटवर पिशवी मांडीवर घेऊन बसायचं?

गाडी विकणार नाही. शॉकअप बदलणार आणि हिला मीच नेणार. विषय संपला.

५ तारीख, मंगळवार

गॅरेजात गेलो. तिथल्या मेकॅनिकचं नाव मी 'बघूकरू' ठेवलंय, कारण काहीही सांगा, तो म्हणतो "बघू, करू." हा माझ्याच हाताखाली गाडी शिकला. क्लच असा सोडायचा की माझी मान दुखायची. आता तोंड वर करून मला विचारतो, "सर, गाडी जोरात जाते का ब्रेकरवरून?" अरे, ब्रेकरवर कसं जायचं हे तुला शिकवलं कोणी?

चाकामागे बॅटरी मारून दाखवलं त्याने. डाव्या शॉकअपचं तेल सगळं बाहेर, नळी काळीकुट्ट आणि चिकट. उजवा जरा बरा, पण तोही ओला. टायर जागोजागी खाल्लेला. बघा! मी म्हणतच होतो.

"एकच बदलला तर?" मी मुद्दाम विचारलं.

"नाही सर, जोडीनेच बदलायचे. नाहीतर एक बाजू झोल खाईल."

पास! मग म्हटलं, कधी टाकतोस? "सामान आणा. बघू, करू."

डोकं फिरलं माझं.

७ तारीख, गुरुवार

स्पेअर पार्टच्या दुकानात सकाळ गेली. दुकानदाराने आधी सुचवलं, जुन्यांतच तेल भरून देतो. त्याला लांबूनच हात जोडले. मग गॅस भरलेल्या शॉकअपचं कौतुक सुरू. "गाडी रस्त्याला चिकटून पळेल साहेब, वळणावर हलणारसुद्धा नाही." अहो, मला शर्यत नाही लावायची, बायकोचा मणका सांभाळायचाय! गॅसवाले कडक असतात, बारीकसारीक खड्डाही कंबरेपर्यंत पोचवतात. मला आधीचेच हवेत, तेलाचे, मऊ. तर म्हणतो, "या मॉडेलचे दुकानात कोणी ठेवत नाही आता, मागवावे लागतील." आणि वर, "गाडी बदला की साहेब."

जो तो गाडी बदलायला सांगतोय! एकाने तरी म्हणावं, चांगली ठेवलीत हो गाडी.

घरी येऊन हिला विचारलं, तुला कडक चालतील की मऊ? म्हणाली, "मला हळू चालेल."

प्रश्न काय, उत्तर काय! मऊ मागवून टाकले.

८ तारीख, शुक्रवार

आज मी बोललो तिला. जोरात बोललो.

पण ऐकायचं किती? ब्रेकर दिसला की ही शेजारून म्हणणार, "आला." खड्डा दिसला, "आला." रस्त्यात दगड पडलाय, "आला." गेलं वर्षभर हे चाललंय! ज्याने निम्म्या गावाला गाडी शिकवली त्याला शेजारी बसून गाडी शिकवायची! आज कडेलोट झाला. म्हटलं, "तू गप्प बस जरा. दिसतं मला."

"मग एकदा डोळे दाखवून घ्या," ती म्हणाली. शांतपणे. त्या शांतपणाचाच जास्त राग आला.

डोळे! पेपर शेवटच्या पानापर्यंत वाचतो मी, औषधाच्या पट्टीवरची मुंगीएवढी अक्षरं वाचून दाखवतो हिला. घरी आल्या आल्या तिचा शिवणाचा डबा उघडला, त्यातली सगळ्यात बारीक सुई काढली आणि तिच्या नाकासमोर दोरा ओवला. पहिल्याच फटक्यात! "हे घे डोळे."

तिने सुई घेतली आणि डब्यात खोचून ठेवली.

११ तारीख, सोमवार

हिने तोंडाला कुलूप घातलंय. गाडीत एक शब्द नाही. 'आला' नाही की 'गेला' नाही. आधी बरं वाटलं.

पण शॉकअप आता पार मेले. जाताना आपटली, येताना आपटली, कोपऱ्यावरच्या सायकल दुकानासमोर तर अशी आपटली की काचेवर लटकवलेली माळ तुटली. शुक्रवारी इतकं नव्हतं. दोन दिवस नुसत्या उभ्या असलेल्या गाडीचं एवढं कसं बिघडतं?

हिला जिना चढवेना. कठड्याला धरून उभी राहिली, डोळ्यांत पाणी. मी हात पुढे केला तर म्हणाली, "थांबा जरा, मी येते." मला कसंतरीच झालं. राग कोणावर काढू? दुकानदाराला फोन करून त्याच्यावर काढला. "निघालंय साहेब सामान, वाटेत आहे." वाट म्हणजे केवढी असते!

१२ तारीख

स्टुलाला अडखळलो, नडगी सोलवटली. स्वयंपाकघराच्या मध्ये कोण ठेवतं स्टूल! ही म्हणते, ते तिथेच असतं, कायमचं. एवढं तरी बोलली.

१३ तारीख, बुधवार

ही व्यायामाला यायला तयार नाही. "या गाडीतून नको." व्यायाम घेणाऱ्या बाईंचा फोन आला, खंड पाडू नका, पाठ पुन्हा आखडेल, मग मी काही करू शकणार नाही. मी म्हटलं, शुक्रवारपर्यंत गाडी लोण्यासारखी होते. कुठल्या तोंडाने म्हटलं देव जाणे.

१४ तारीख, गुरुवार

सामान आलं! रिकाम्या पोटी गॅरेजात पळालो. बघूकरूने खोकी उघडली, दोन्ही शॉकअप शेजारी शेजारी धरले, उलटसुलट करून बघितले. मग म्हणाला, "सर, दोन्ही डावे आहेत."

दोन्ही डावे!! खालचा आधार दोघांचाही एकाच बाजूला वळलेला. खोक्यांवर मात्र एकावर डावा, एकावर उजवा, झोकात छापलेलं. "गाडीला दोन डावे पाय लावू का?" असं म्हणून हसला तो. मला नाही हसू आलं. तसाच दुकानात. दुकानदार म्हणे असं होतच नाही. मी दोन्ही काउंटरवर आडवे ठेवले आणि म्हटलं, मग हे काय आहे, जादू? सगळं गिऱ्हाईक बघत होतं. बघू दे.

निघताना दाराच्या पायरीवरून जवळजवळ पडलोच. रागाने माणसाला पायाखालचं दिसेनासं होतं ते असं.

१६ तारीख, शनिवार

झालं एकदाचं! उजवा सकाळी आला. बघूकरू म्हणाला, "सर, तुम्ही घरी जा, मी फोन करतो." मी कसला जातोय! खुर्ची ओढून समोर बसलो.

चाकं निघाली, जुने शॉकअप बाहेर आले. डावा हाताने दाबला तर सहज आत गेला आणि वर यायचं नावच नाही. नवा दाबायला बघूकरूला छातीचा जोर लावावा लागला, आणि सोडल्यावर कसा शहाण्यासारखा सावकाश वर आला. स्प्रिंग आवळून बसवली. वरची रबरंही नवी घालून घेतली, कारण जुनी हातात घेतल्यावर तुकडेच पडले. शेवटचे बोल्ट गाडी जमिनीवर उतरवल्यावर आवळ, असं मी सांगायच्या आधीच त्याने तसं केलं. एवढं तरी लक्षात ठेवलंय. नंतर चाकांची अलाइनमेंट.

बोनेट दाबून सोडलं. एकदा वर आली आणि गप्प उभी राहिली. मी पुन्हा दाबलं, केवळ मजा म्हणून.

बघूकरू हात पुसत डाव्या बाजूच्या खरचटलेल्या मडगार्डकडे बघत होता. "हे कुठे घासलं सर?" फाटकाचा खांब, म्हटलं. खांबच पुढे आलेला आहे आमचा. त्याने त्यावरून बोट फिरवलं. "बघू, करू"सुद्धा नाही.

१८ तारीख, सोमवार

जिंकलो! दवाखान्यापर्यंत पोटातलं पाणी हललं नाही. हीसुद्धा बोलायला लागली. निघताना सीटवर बसली, पट्टा लावला आणि पहिल्या ब्रेकरला हळूच म्हणाली, "आला." मी म्हटलं असू दे, सवय आहे बिचारीची, आज मन मोठं करू. सबंध रस्ता 'आला, आला' चालू होतं आणि सबंध रस्ता मी चिडलो नाही. सायकल दुकानासमोरचा ब्रेकर तर कधी आला, कधी गेला कळलंही नाही.

जिना एका दमात चढली! वर जाऊन मला म्हणाली, "आज बरं वाटतंय हो."

मुलीला लगेच फोन लावला. म्हटलं, विकायला निघाली होतीस ना? आता ये आणि बसून बघ. मशीन आहे मशीन!

१९ तारीख, मंगळवार

हिचं औषध आणायला एकटा गेलो. सायकल दुकानासमोर — धाड!

नवे शॉकअप! चार दिवस झाले नाहीत! गाडी थांबवून वाकून बघितलं, काही सुटलेलं नाही, गळत नाही. तसाच गॅरेजात. बघूकरूला म्हटलं, काय बसवलंस रे? त्याने गाडी उचलली, सगळं तपासलं, मग म्हणाला, चला सर, फेरी मारू, मी चालवतो. त्याच रस्त्याने गेलो, त्याच ब्रेकरवरून. गाडी अशी गेली की मी खिडकीबाहेर बघून खात्री केली, ब्रेकर गेला का म्हणून.

"आता तुम्ही घ्या," म्हणाला. मी घेतली.

धाड.

मी गाडी कडेला घेतली. मग तो खाली बघत म्हणाला, "सर, तुम्ही ब्रेकच नाही मारला."

मी म्हटलं, मारणार कसा? पट्टे पुसले गेलेत सगळे. पालिकेला रंगवायला नको? बिनरंगाचा ब्रेकर ठेवलाय नुसता! मी तक्रार करणार आहे.

तो "बरं" म्हणाला. नुसतं "बरं." मला त्याला एक ठेवून द्यावीशी वाटली.

२० तारीख, बुधवार

सकाळी पायी गेलो, पट्टे पुसलेले डोळ्यांनी बघून मग तक्रार लिहावी म्हणून. सायकल दुकानदार नुकतं दुकान उघडत होता.

ब्रेकरवर उभा राहिलो आणि खाली बघितलं. पिवळेधमक पट्टे. एकही पुसलेला नाही. दुकानदाराला विचारलं, आज रंगवले का? "छे हो सर, कधीचेच. तुमची गाडी रोज आपटते इथे, मला वाटायचं घाईत असाल."

मी मागे गेलो. गाडी जिथून येते तिथे, रस्त्याच्या कडेला. आणि पोरांना शिकवायचो तसं केलं — मान सरळ, नजर लांब, बोनेटकडे बघायचं नाही. पुढचं झाड दिसलं. दुकानाची पाटी दिसली, तिच्यावरचा फोन नंबर वाचता आला. ब्रेकर नव्हता. नुसता राखाडी रस्ता. मान खाली घातली. पट्टे आले. मान वर केली. गेले.

परत केलं. परत गेले. दुकानदार म्हणाला, "सर, काही हरवलं का?"

घरी आलो. ही व्यायामाला जायची तयारी करून बसलेली. मी विचारलं, "कधीपासून माहीत आहे तुला?"

तिने कसलं काय हेही विचारलं नाही. "खांबाला गाडी घासलीत तेव्हापासून. घरातही पायाखालचं दिसत नाही तुम्हाला."

"मग स्पष्ट बोलायचं!"

"डोळे दाखवा म्हटलं, तर सुई ओवलीत." आणि मग, गाडीत बसते तशी खुर्चीत सरळ बसून, "तुमची गाडी गेली असती हो. मला वाटलं, माझ्या सांगण्यावर भागेल."

दुखऱ्या पाठीने वर्षभर रस्ता बघत बसली ती, माझ्यासाठी. आणि मी तिला गप्प बस म्हणालो. मला रडू आलं. लाज कसली लिहायला, आलं.

किल्ली तिच्या शिवणाच्या डब्यात टाकली. दवाखान्यात टॅक्सीने गेलो.

२६ तारीख, मंगळवार

काचबिंदू. दोन्ही डोळ्यांत खालची नजर गेलीय. गेलेली येणार नाही, राहिलेली थेंब घालून टिकवायची. गाडी बंद.

आमच्याच गाडीने आलो. मुलगी चालवत होती, ही तिच्या शेजारी, मी मागे, पिशवी मांडीवर. सायकल दुकानाजवळ ही म्हणाली, "आला."

"दिसलाय गं आई," मुलगी म्हणाली.

"तुला नाही सांगितलं."