हलका भार

दि. ९ नोव्हेंबर, सकाळी

चि. कन्येस अनेक आशीर्वाद.

तुझे चार ओळींचे पत्र मिळाले. माझी प्रकृती ठीक आहे. स्वयंपाकघरातला नळ दुरुस्त करून घेतला. तुझ्या आईचे कपडे अजून कपाटात जागच्या जागी आहेत. ते कोणाला द्यायचे आहेत का, असे शेजारच्या काकू दोनदा विचारून गेल्या. मी "बघू" म्हणालो.

तुझ्या पत्रात शुद्धलेखनाच्या तीन चुका आहेत. पस्तीस वर्षे मुद्रितशोधन केलेला हात सवयीने लाल पेन्सिलीकडे गेला, पण या वेळी खूण केली नाही. तुझा प्रश्न मात्र निर्दोष आहे: "आई गेली तेव्हा तुम्ही कुठे होतात?"

अंत्यविधीच्या दिवशी मी तुला "कामानिमित्त बाहेर होतो" असे सांगितले. ते खोटे होते. मी नेमबाजीच्या क्लबात होतो. हे तुला काकूंकडून कळले आणि गेले सात महिने तू माझ्याशी बोलली नाहीस. तुझ्या जागी मीही बोललो नसतो. आता ते तुला माझ्याच तोंडून हवे आहे.

तुझ्या आईच्या वडिलांचे ते लाकडी मुठीचे जुने रिव्हॉल्व्हर तुला आठवत असेल. नेम तिचा, मी कागदी लक्ष्ये बदलणारा आणि वहीत गुण लिहिणारा. आजारपणात तिच्या मनगटातले बळ गेले, तरी महिन्यातून एकदा तरी क्लबात जायचेच, हा तिचा हट्ट होता. डॉक्टरांनीही "मन रमतंय ना, मग जाऊ द्या" असे सांगितले. तेव्हा ती मला म्हणाली, "सरावाला हलक्या गोळ्या आणा."

मी शब्दशः तेच केले. वजनाने सर्वांत हलकी गोळी असलेले खोके आणले. पहिल्याच बारानंतर तिने रिव्हॉल्व्हर खाली ठेवले आणि मनगट दुसऱ्या हाताने दाबून धरले.

"अहो, याला हलकं म्हणतात?"

"गोळी हलकीच आहे. धक्का तिच्या मागच्या दारूचा बसतो. तुला हलका भार, म्हणजे कमी दारू, म्हणायचं होतं."

"तुमचं व्याकरण राहू द्या हो. माझं मनगट काय म्हणतंय ते बघा."

ती हसली, पण त्या दिवशी तिने पुन्हा गोळी झाडली नाही.

क्लबातल्या दुकानदाराने मला सगळे समजावून दिले. सरावासाठी चपट्या तोंडाची शिशाची गोळी घ्यावी. ती वजनाला चांगली जड असते, पण तिच्यामागे दारू थोडी भरलेली असते. त्यामुळे हाताला धक्का कमी बसतो आणि कागदावर स्वच्छ गोल भोक पडते. अशी तीन बनावटींची खोकी येणार होती. त्यांतले कोणते सर्वांत सौम्य, हे झाडून पाहिल्याशिवाय कळणार नव्हते.

खोकी आल्याचा निरोप मिळाला त्या सकाळी तिने स्वतःच्या हाताने चार घास खाल्ले. म्हणाली, "आज हलकं वाटतंय. जा तुम्ही, आज घेऊनच या." दुसऱ्याचा एकही शब्द तपासल्याशिवाय न सोडणाऱ्या मी त्या 'हलकं'चा अर्थ विचारला नाही. मला हवा तो घेतला आणि काकूंना तिच्याजवळ बसवून निघालो.

क्लबात नियमाप्रमाणे फोन खणात ठेवला, कानांवर संरक्षक चढवले. रिव्हॉल्व्हर डाव्या हातात धरले, कारण माझ्या डाव्या हातात तिच्या उजव्याइतकेच बळ असेल असा माझा अंदाज होता. प्रत्येक खोक्यातल्या पाच-पाच गोळ्या झाडल्या. पहिल्याचा धक्का कोपरापर्यंत गेला, दुसऱ्याचा मनगटात राहिला. तिसरे खोके तिच्यासाठीच भरल्यासारखे होते.

काकूंना ठाऊक नाही ते आता लिहितो. सवयीने मी वहीत वेळ टिपत होतो. तिसऱ्या खोक्यातल्या पाच गोळ्या संपल्या तेव्हा अकरा वाजून पाच मिनिटे झाली होती. निवड झाली होती. घर पंधरा मिनिटांवर. मी निघालो नाही. पुन्हा चूक निघू नये, पुन्हा ती हसू नये, म्हणून खात्रीसाठी आणखी पाच झाडल्या, मग रिव्हॉल्व्हर साफ केले. फोन हातात घेतला तेव्हा काकूंनी चार वेळा केलेला होता. ती अकरा पंचविसाला गेली. तिने दोनदा विचारले म्हणे, "आले का हो ते?"

याला स्पष्टीकरण समजू नकोस. तू विचारलेस ते मी कुठे होतो. का होतो ते मी आपणहून लिहिले आहे. क्षमा मागण्याचे वाक्य तीन वेळा लिहून पाहिले. प्रत्येक वेळी ते व्याकरणशुद्ध झाले, म्हणून खोडले.

क्लबाच्या सचिवांचे पत्र आले आहे. रिव्हॉल्व्हर जमा करायचे की मुलीच्या नावावर करण्यासाठी अर्ज द्यायचा, हे महिनाअखेर कळवायचे आहे. त्या तिसऱ्या खोक्यात चाळीस गोळ्या शिल्लक आहेत. तुझे मनगट तुझ्या आईवर गेले आहे. तू आलीस तर लक्ष्ये मी बदलीन आणि गुण लिहीन. नकार द्यायचा असेल तर तोही स्वतःच्या आवाजात दे, एवढेच मागणे.

फोन आता खणात ठेवत नाही.

तो हाताशी घेऊन बसलेले,
तुझे बाबा